अरबी नावाचा अर्थ तपासायचा, तर आधी ते अरबीत कसं लिहितात ते शोधा

देवनागरीत किंवा रोमन लिपीत आलं की अरबीतली वेगवेगळी अक्षरं एकसारखी दिसू लागतात, आणि अर्थाची गल्लत तिथेच होते. 'अलीम' ऐन (ع) या अक्षरानं सुरू होत असेल तर अर्थ जाणकार, सर्वज्ञ. अलिफनं (ا) असेल तर वेदनादायक. 'हामिद'मध्ये बडी हे (ح) असेल तर स्तुती करणारा, छोटी हे (ه) असेल तर निष्प्राण. 'सना' सीननं (س) लिहिलं तर तेज, 'से' या अक्षरानं (ث) लिहिलं तर स्तुती. अर्थ दोन्ही सुंदर, पण नावं दोन. म्हणून ज्या यादीत नावाशेजारी अरबी लेखन नाही, तिच्यावर विसंबू नका. अशा याद्या सर्रास एकमेकींवरून उतरवलेल्या असतात. दहा ठिकाणी तोच अर्थ दिसला तरी तो एकच पुरावा धरा.

लेखन हाती आलं की धातू काढा. बहुतेक अरबी शब्द तीन व्यंजनांच्या धातूपासून बनतात. ह-म-द म्हणजे स्तुती: हामिद स्तुती करणारा, महमूद ज्याची स्तुती झाली तो, अहमद अधिक स्तुत्य. हान्स वेअरचा अरबी-इंग्रजी कोश धातूनुसार लावलेला आहे, त्यामुळे 'मुस्तफा' मीमखाली (م) शोधत बसू नका, साद-फे-वाव (ص-ف-و) हा धातू पाहा. 'आयेशा'च्या अरबी लेखनात मधे हमझा (ء) हे चिन्ह दिसतं, पण धातू ऐन-ये-शीन (ع-ي-ش), म्हणजे जगणं. अलिफ, वाव, ये ही अक्षरं अशी रूप बदलतात, आणि नवखा माणूस इथेच अडतो.

ऑनलाइन कोशात काहीच सापडत नसेल तर कीबोर्ड तपासा. उर्दू कीबोर्डवरचे काफ, ये आणि छोटी हे दिसायला अरबीसारखे असले तरी त्यांचे युनिकोड क्रमांक, म्हणजे संगणक अक्षर ज्यावरून ओळखतो ते क्रमांक, वेगळे असतात. अरबी कीबोर्ड लावून पुन्हा टाइप करा.

नाव मुळात अरबी आहे का, हेही पाहावं लागतं. प्रमाण अरबीत प, च, ग नाहीत. परवीन, गुलनार ही फारसी नावं. पण एवढ्यावर निकाल देऊ नका: 'शिरीन'मधली सगळी अक्षरं अरबीत आहेत, तरी नाव फारसीच. उलट रोमन लिपीतलं 'गमाल' म्हणजे इजिप्शियन उच्चारातलं जमाल. इब्राहिम, युसुफ यांचं मूळ हिब्रू परंपरेत आहे; तिथे अरबी धातू लावून अर्थ काढणं चूक.

कुराणात शब्द आहे म्हणून तो नाव ठरत नाही. 'अलैना'चा तिथला अर्थ फक्त 'आमच्यावर'. लीड्स विद्यापीठाच्या कुराणिक अरेबिक कॉर्पस या ऑनलाइन संग्रहात कुराणातल्या प्रत्येक शब्दाचं व्याकरण दिलेलं आहे. तिथे शब्द नाम आहे की अव्यय, हे लगेच कळतं.

मात्र केवळ कोशातल्या अर्थावरून नाव नाकारू नका. फातिमाचा धातू बाळाचं दूध तोडण्याचा, खदीजाचा अकाली जन्माचा. ही नावं शतकानुशतकं ठेवली जातात ती पैगंबरांची मुलगी फातिमा आणि पत्नी खदीजा यांच्यावरच्या आदरापोटी, आणि तो आदर कुठल्याही कोशातल्या नोंदीपेक्षा मोठा आहे.

शेवटी आकारान्त आहे म्हणून मुलीचं नाव समजू नका; हमजा, तल्हा, उसामा ही मुलांची नावं. आणि 'अब्दुल' एकटं ठेवू नका. त्याचा अर्थ '…चा सेवक' एवढाच होतो, पुढे रहमान, करीम असं अल्लाहचं नाव लागतंच. जन्मनोंदणीच्या अर्जात दोन्ही भाग पहिल्या नावाच्या रकान्यातच लिहा, नाहीतर 'रहमान' आडनाव म्हणून नोंदलं जातं.