नाशिकमध्ये राहून माहितीपट करायचा तर

पहिला माहितीपट बहुतेकदा प्रवासखर्चातच रखडतो. म्हणून विषय असा घ्या, जिथे वर्षभर जा-ये परवडेल. कांद्याचं पाहा. लासलगावची कांदा बाजारपेठ शहरापासून सुमारे 60 किलोमीटर. उन्हाळ कांदा मार्च-एप्रिलात निघतो, चाळीत, म्हणजे कांदा साठवायच्या हवेशीर शेडमध्ये, भरला जातो आणि भावाकडे डोळे लावून पार दिवाळीपर्यंत विकला जातो. नुसता लिलाव टिपलात तर चाळीत सडलेला माल आणि वजनातली घट निसटते, आणि खरा विषय तिथेच असतो. काढणी, चाळ भरणं, पावसाळ्यातली निवड, विक्री अशा चार खेपा किमान धराच. बाजार समितीच्या सचिवांना लेखी अर्ज आधी द्या. लिलाव सुरू झाल्यावर परवानगी मागत फिरलात तर ट्रॅक्टरवरचा माल विकला गेलेला असतो.

कॅमेरा सेकंदाला 25 फ्रेम, शटर 1/50 सेकंद. आपली वीज 50 हर्ट्‌झची. 30 फ्रेम आणि 1/60 ठेवलंत की ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकतं. आवाज 48 किलोहर्ट्‌झ, 24 बिट, बोलण्याची पातळी मीटरवर उणे 12 डेसिबलच्या आसपास. लॅपल माइक (कपड्याला अडकवायचा छोटा माइक) हनुवटीखाली वीतभर अंतरावर लावा. कॅमेऱ्यावरच्या माइकात बोलण्याऐवजी ट्रॅक्टरच ऐकू येतो. मुलाखत संपली की सगळ्यांना गप्प बसवून त्या जागेचा नुसता आवाज 30 सेकंद घ्या, एडिटमधले सांधे त्यानेच झाकले जातात. दोन वेगळ्या डिस्कवर प्रत झाल्याशिवाय कार्ड पुसू नका.

संमतीपत्र मराठीत करा आणि वाचून दाखवा. सुरगाणा-पेठच्या पाड्यांवर तिथली बोली जाणणारं माणूस सोबत हवं. लैंगिक अत्याचारपीडितेची ओळख उघड करणं गुन्हा आहे. नुसता चेहरा धूसर करून भागत नाही. गावाचा फलक, शाळेचा गणवेश, आवाज यांवरूनही ओळख पटते.

पोटापाण्यासाठी लग्नं, सातपूर-अंबडच्या कारखान्यांच्या फिल्म, संस्थांची कामं. यात कमीपणा मानू नका, पण करार नीट वाचा. पैसे देऊन फिल्म बनवून घेणारा कॉपीराइट कायद्याच्या कलम 17 प्रमाणे तिचा पहिला मालक ठरतो, वेगळं लिहून घेतलं नसेल तर. कच्चं चित्रण आपल्या माहितीपटात वापरण्याचा हक्क करारात आधीच लिहून घ्या.

फिल्म झाली की उत्साहात यूट्यूबवर टाकू नका. आधी ऑनलाइन आलेली फिल्म बरेच महोत्सव घेत नाहीत. चित्रपटगृहात लावायची असेल तर सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं. फिल्ममध्ये वापरलेल्या गाण्यांच्या हक्कांची कागदपत्रंही आधीच जमवून ठेवा.