सिनॉप्सिसमधला 'गृहीतकृत्ये' हा रकाना भरण्याआधी

पीएच.डी.च्या सिनॉप्सिसमध्ये, म्हणजे संशोधनाच्या आराखड्यात, उद्दिष्टे कशीबशी लिहून होतात आणि गाडी 'गृहीतकृत्ये' (म्हणजे हायपोथिसिस किंवा परिकल्पना, संशोधनात तपासून पाहायचे अंदाज) या रकान्यापाशी अडते. मग सीनियरचा प्रबंध उघडायचा, चार वाक्ये उचलायची, विषय तेवढा बदलायचा. जळगाव घ्या, धुळे घ्या, नंदुरबार घ्या, सगळीकडे हेच. मीही त्याच वाटेने गेलो, म्हणून जरा खडसावून लिहितोय.

"अहिराणी लोकगीतांतून खान्देशच्या लोकजीवनाचे दर्शन घडते." या घाटाचे वाक्य तुम्ही वाचलेच असेल. आता सांगा, हे खोटे कसे ठरणार? खान्देशातल्या बायकांच्या गाण्यांत काय कोकणातले लोकजीवन दिसणार आहे? तीनशे पाने लिहून शेवटी 'गृहीतकृत्य सिद्ध झाले' म्हणायचे, आणि ते तर पहिल्या पानावरच सिद्ध होते! सापळा हाच. जे खोटे ठरूच शकत नाही, ते गृहीतकृत्य नव्हे. 'प्रतिबिंब उमटते', 'महत्त्वपूर्ण योगदान आहे', 'परिणाम झालेला दिसतो' अशी शेपटी असलेली वाक्ये तपासा, बहुतेक याच जातीची निघतील. त्याऐवजी कानबाई या खान्देशातल्या देवीच्या गाण्यांबद्दलचे वाक्य, 'कानबाईच्या गाण्यांत सासरपेक्षा माहेरचे उल्लेख जास्त येतात' हे घ्या. गाणी गोळा करा, उल्लेख मोजा. उलटेही निघू शकते. निघाले तरी घाबरू नका, त्याने प्रबंध नापास होत नाही. मौखिकीला बोलायला मुद्दा मिळतो.

केळीवर काम करणाऱ्यांचे प्रकरण वेगळे. तिथे शून्य परिकल्पना मांडतात: दोन खतमात्रांमुळे घडाच्या वजनात फरक पडत नाही. आकडे पुरेसे विरोधात गेले तर ती नाकारायची. नाही गेले, तर 'फरक नाही हे सिद्ध झाले' असे कृपा करून लिहू नका. रावेरच्या एखाद्या बागेतले दहा-बारा घड तोलले, तर त्यांच्यातला मुळातलाच कमी-जास्तपणा इतका असतो की खरा फरकही त्यात बुडून जातो. नाकारण्याइतका पुरावा मिळाला नाही, एवढेच म्हणायचे.

आणखी एक. आधी हायपोथिसिस, ती सिद्ध झाली की थिअरी, मग नियम, ही शाळेपासून डोक्यात बसलेली शिडी काढून टाका. नंदुरबारच्या भिल्ल-पावरा वस्त्यांत सिकलसेल या रक्ताच्या आनुवंशिक आजाराची तपासणी चालते, ते उदाहरण जवळचे आहे. सिकलसेलचा एकच जनुक असणाऱ्याला मलेरियापासून काहीसे संरक्षण मिळते, हे ब्रिटिश संशोधक अँथनी अ‍ॅलिसनने 1954 मध्ये पूर्व आफ्रिकेतल्या अभ्यासातून दाखवले. अंदाज टिकला, पण त्याला बढती मिळून थिअरी झाली नाही. नैसर्गिक निवडीचा सिद्धांत आधीपासून होताच. हा अंदाज त्याच्या पोटात बसला.

गणितवाल्यांकडे तर रीमानची परिकल्पना, म्हणजे एका फलनाची (फंक्शनची) शून्ये कुठे पडतात याचा अंदाज, 1859 पासून पडून आहे. संगणकाने अब्जावधी शून्ये तपासली, सगळी तिच्या बाजूने निघाली, तरी सिद्धता नाही म्हणजे नाही. आणि नावात 'थिअरी' असली तरी तिथली ग्रुप थिअरी हा कसला अंदाजच नव्हे, ती गणिताची एक अख्खी शाखा.

समाजशास्त्रात याच्या उलटही चालते. ग्लेसर आणि स्ट्रॉस या समाजशास्त्रज्ञांनी 1967 मध्ये मांडलेल्या 'ग्राउंडेड थिअरी' या पद्धतीत आधी मुलाखती, नोंदी, आणि थिअरी त्यांतून वर येते. तिथे सुरुवातीलाच पाच गृहीतकृत्ये मांडून बसणे म्हणजे पद्धतीलाच हरताळ. साहित्यात स्त्रीवादी सिद्धांत घेता, तेव्हा तो तुम्ही पडताळत नसता. त्याच्या नजरेने कविता वाचत असता.

गाईडबद्दल माझे मत ठाम आहे: पहिल्या भेटीत सही देणाऱ्यापेक्षा लाल पेनाने अर्धे पान खोडणारा बरा. झेरॉक्सच्या दुकानात तयार सिनॉप्सिस मिळतात, त्यांच्या नादी लागू नका. शोधगंगा या प्रबंधांच्या ऑनलाइन संग्रहावर आपल्याच विषयातले दोन-चार प्रबंध काढा आणि फक्त गृहीतकृत्ये व निष्कर्ष समोरासमोर ठेवून वाचा. एका संध्याकाळचे काम.

मराठी, इतिहासवाल्यांनी तो रकाना मोकळा न सोडता तिथे सरळ संशोधन-प्रश्न लिहावेत, पण आधी गाईडला विचारून. काही ठिकाणी नमुनाच ठरलेला असतो. तिथे खोटे ठरू शकेल असे एकच वाक्य लिहा आणि पुढच्या कामाला लागा. फॉर्मशी भांडण्यात सहामाही जाते.