बळदविद्येची वही कशी ठेवावी

ही विद्या कुठल्याही विद्यापीठात शिकवत नाहीत. नाव मी ठेवलं, आणि काम सुरू झालं माझ्या आईच्या अंथरुणाशेजारी. माणूस झोपेत कोणते शब्द बोलतो, ते किती जुने आहेत आणि जागेपणी त्यांची वस्तू उरली आहे का, हे एकाच वहीत मांडायचं. बळद म्हणजे जुन्या घरातली धान्याची बंद खोली. माळवदाच्या, म्हणजे मातीच्या सपाट छताच्या, भोकातून जोंधळा ओतायचा, खालच्या तोंडातून लागेल तेवढा काढायचा. खालून आधी निघतो तो सगळ्यात जुना.

आमचं गाव औसा तालुक्यातलं. 30 सप्टेंबर 1993 ला पहाटे चारच्या सुमारास भूकंप झाला, तेव्हा गणपती बुडवून आलेलं गाव झोपेत होतं. दगडमातीच्या भिंती आणि माळवदं अंगावर आली. पुढं गाव दुसऱ्या जागी वसलं, सिमेंटच्या घरांचं. त्या घरांना ढेळज, म्हणजे वाड्याच्या दारातली बसायची जागा, नाही, बळद नाही, भिंतीत देवळी नाही. ढेळज म्हणायचं तरी कशाला? पण 2009 मध्ये एका पहाटे आई झोपेत बोलली, "ढेळजंत कोण बोलायलंय बघ गं, कंदील धर." सोळा वर्षांत हा शब्द तिच्या तोंडून मी ऐकला नव्हता.

तुम्हालाही वही धरायची असेल तर घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसापासून सुरुवात करा. वेळ पहाटेची. स्वप्नांची झोप रात्र सरता सरता लांबत जाते, म्हणून चार ते सहाच्या दरम्यान हाती जास्त लागतं. चूळ भरायच्या आधी, चहाच्या आधी विचारा. "काय दिसलं?" असं विचारू नका, मग माणूस गोष्ट जुळवायला लागतो, आणि जुळवतो ती आजच्या शब्दांत. "कोण काय म्हणालं?" एवढंच विचारा. तेही पहाटे एकदाच, मग संध्याकाळी परत.

हे मी चुकून शिकले. आई ढेळज म्हणाली त्याच दिवशी संध्याकाळी, शेजारच्या बाया बसलेल्या असताना, मी आईला परत विचारलं. ती म्हणाली, "काही नाही, पोर्चमधी कोणतरी आलं होतं." चारचौघींत तिनं शब्द बदलला. मी दोन्ही वाक्यं लिहून ठेवली, पहाटेचं आणि संध्याकाळचं, समोरासमोर. तेव्हापासून माझ्या वहीत दोन रकाने आहेत, आणि माझ्या मते खरा अभ्यास त्या दोन रकान्यांच्या मधे आहे.

लिहिताना शुद्धलेखन बाजूला ठेवा. मी एकतीस वर्षं मराठी शिकवलं, तरी "ढेळजंत"चं "ढेळजेत" करत नाही आणि "बोलायलंय"चं "बोलतंय" करत नाही. तारीख, वय आणि गाव टाका.

तिसरा रकाना काळाचा. इथं मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश (पहिली आवृत्ती 1831, दुसरी 1857) आणि दाते-कर्व्यांचा महाराष्ट्र शब्दकोश उघडायचा. दोन्ही आता मोबाइलवरही शोधता येतात. ढेळजेचं मूळ फारसी दहलीज. 1347 ला बहामनी राज्य उभं राहिलं तिथपासून 1948 ला निजामाचं राज्य संपेपर्यंत आपल्याकडं दरबारात फारसी, शेवटी उर्दू. दरबारची दहलीज आमच्या वाड्याच्या दारात आली आणि ढेळज झाली. कोश बघायचा कंटाळा करू नका. पैठणच्या नाथमहाराजांना ज्ञानदेवांनी स्वप्नात येऊन आळंदीला बोलावलं, अशी परंपरा आहे. पण शके 1506 मध्ये, म्हणजे 1584 ला, ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत त्यांनी जागेपणी, पाठ ताडून पाहत तयार केली.

अर्थ लावायच्या भानगडीत पडू नका. साप दिसला की धन मिळतं वगैरे या विद्येत बसत नाही. जर्मन मनोविकारतज्ज्ञ क्रेपेलिन यांनी 1906 मध्ये स्वप्नातल्या भाषेवर पुस्तक काढलं, त्यातली बरीच उदाहरणं त्यांच्या स्वतःच्या स्वप्नांतली होती. दुसरं माणूस तयार नसेल तर तुम्हीही स्वतःपासून सुरू करा. उशाशी वही आणि पेन्सिल पुरे.

एक गोष्ट मात्र पाळाच. स्वप्नात गेलेलं माणूस बोललं असेल तर वही मिटा आणि नुसतं शेजारी बसा. आईच्या स्वप्नात माझा धाकटा भाऊ बोलतो. त्या पानांवर फक्त तारीख आहे.

चौथा रकाना मी अलीकडं वाढवला. माझी नात दुसरीत आहे, नव्या गावातच जन्मलेली. तिनं सकाळी सांगितलं, "आज्जी, मी बळदात लपले होते." तिनं बळद कधी पाहिलेलं नाही, माझ्या आईच्या गोष्टींत ऐकलेलं. रकान्याचं नाव ठेवलं "ऐकीव". अशा शब्दाला पोराकडून चित्र काढून घ्या आणि पानाला चिकटवा. तिच्या बळदाला खिडकी आहे, आणि आत ट्यूबलाइट.