एका सुरातून भीती कशी वाढवावी

भयपटातील प्रसंगाला पार्श्वसंगीत देताना अनेक नवे संगीतकार वाद्यांची गर्दी करतात. माझ्या मते एकच खर्जाचा सूर नीट सांभाळला, तर अंगावर काटा आणण्याचे काम तो अधिक चांगले करतो. त्यासाठी ११० हर्ट्झचा अखंड सूर घ्यावा आणि त्याच्या जोडीला १११ हर्ट्झचा दुसरा ठेवावा. दोन्ही एकत्र वाजले की त्यांच्या कंपनसंख्यांतील फरकाइतके, म्हणजे सेकंदाला एक, असे हेलकावे ऐकू येतात. तानपुऱ्याच्या जोडीच्या तारा किंचित उतरलेल्या असताना कानाला जे खटकते, तेच हे. आता दोन मिनिटांच्या प्रसंगात दुसरा सूर अगदी सावकाश ११५ हर्ट्झपर्यंत सरकवावा. हेलकावे सेकंदाला पाच होतात, आणि नेमके काय बदलले हे प्रेक्षकाला सहसा सांगता येत नाही, पण अस्वस्थता मात्र वाढत जाते.

खरी कसोटी थांबण्यात आहे. दार उघडण्याच्या दोन-तीन सेकंद आधी हा सूर तोडावा, मात्र त्या खोलीचा मूळ आवाज, पंख्याची घरघर किंवा दूरच्या रातकिड्यांची किरकिर, चालूच ठेवावा, कारण संपूर्ण शांतता ध्वनिमुद्रणातील बिघाडासारखी वाटते.

मोबाइलच्या लहान स्पीकरवर खर्ज जवळपास हरवतो, म्हणून दोन्ही सुरांना वरच्या सप्तकांतील थोडे उपस्वर द्यावेत आणि अंतिम मिश्रण तेथेही ऐकून पाहावे.