बडोद्याहून आंबोलीला जाताय? मलबारी चापडा असा शोधा

दांडिया बाजारातल्या आमच्या ग्रुपला दर पावसाळ्यात हेच सांगतो, चापडा बघायचाय ना, मग आंबोली गाठा, हा साप फक्त पश्चिम घाटातच सापडतो आणि पावसात जास्त दिसतो. लोकल गाईड घ्याच. रात्री ओढ्याकाठची झुडपं, शेवाळलेले दगड टॉर्चने हळूहळू बघत जायचं, मी एकदा पाच मिनिटं एका पानाकडे बघत होतो आणि ते पान नव्हतंच, तिकोनी डोकं होतं! नुसता हिरवा शोधू नका, पिवळा, तपकिरी, केशरीसुद्धा असतो. डोळा आणि नाकपुडीच्या मधे छोटा खड्डा दिसेल, त्याने भक्ष्याच्या अंगाची उष्णता कळते, आणि हा बेडूक-पालींची वाट बघत कधीकधी कितीतरी दिवस एकाच जागी बसतो, आज दिसला तर उद्या परत तिथेच बघा. अंडी नाही घालत, थेट पिल्लंच.

दोन मीटर लांबूनच फोटो, काठीने डिवचायचं अजिबात नाही. आपलं अँटीव्हेनम नाग, मण्यार, घोणस, फुरसं यांच्यासाठीच बनतं, चापड्यासाठी नाही. चावलाच तर लगेच हॉस्पिटल, चिरे मारत बसू नका.