फाइल उघडते म्हणजे ती सुखरूप आहे असं नाही

डिजिटल जतनाच्या, म्हणजे फाइली आणि वेबपानं पुढच्या काळासाठी टिकवण्याच्या, कामात येऊ पाहणाऱ्यांच्या तोंडी पहिलं नाव ब्रूस्टर केलचं असतं. मीही त्याच्याकडे बघूनच आले. पण त्याची गोष्ट अर्धी ऐकून नोकरी सोडू नका. १९९६ मध्ये इंटरनेट अर्काइव्ह हे वेबपानं आणि पुस्तकं जपणारं डिजिटल ग्रंथालय काढण्याआधी हा माणूस एमआयटीत शिकला होता, थिंकिंग मशीन्समध्ये महासंगणकांवर राबला होता आणि 'वेस' ही शोधप्रणाली उभारून तिची कंपनी एओएलला विकून मोकळा झाला होता. अर्काइव्हच्याच वर्षी त्याने अलेक्सा इंटरनेटही काढली. तिचे क्रॉलर, म्हणजे वेबवर आपोआप फिरणारे प्रोग्रॅम, वेबपानं गोळा करत आणि ती अर्काइव्हला मिळत. १९९९ मध्ये ती कंपनी अॅमेझॉनने घेतली. ध्येय मोठं होतंच, पण खर्चाची सोयही होती. तुमची तशी सोय नसेल तर पगार चालू ठेवून शिका.

आणि धीर धरा. साठवलेली जुनी पानं दाखवणारं अर्काइव्हचं वेबॅक मशीन लोकांसाठी खुलं झालं २००१ मध्ये. तोवर पाच वर्षं पानं नुसती साठत होती. तुमचंही सुरुवातीचं काम कुणाला दिसणार नाही. ते वाया जात नसतं.

आता तो सापळा, ज्यात मी पुरती अडकले होते. जुन्या डिस्कवरून फाइल उतरवली, आकार जुळला, उघडून पाहिली तर उघडली. मग चेकसम, म्हणजे फाइलच्या मजकुरावरून काढलेला आणि मजकूर बदलला की बदलणारा आकडा, काढून यादीत नोंदवला. सगळं नीट झालं ना? नाही. हा चेकसम प्रतीचा आहे, मूळ फाइलचा नाही! उतरवताना न वाचता आलेल्या जागी काही साधनं शून्यं भरतात. आकार तोच राहतो, पहिली पानं ठीक दिसतात, खराबी मध्येच कुठेतरी असते. त्यावर चेकसम काढणं म्हणजे नासलेल्या दुधावर सील मारणं. पुढची दहा वर्षं तो चेकसम बरोबर जुळत राहील, तिन्ही बॅकअप तीच खराबी इमानाने सांभाळतील, आणि कळेल तेव्हा मूळ डिस्क फिरतसुद्धा नसेल.

म्हणून चेकसम मूळ जागेवरच काढा, फाइल हलवण्याआधी. तोही दोनदा. दोन्ही वेळा वेगळा आला तर डिस्क आजारी आहे, बाकी कामं सोडून आधी तिच्याकडे बघा. मग प्रत काढा, प्रतीचा चेकसम काढा, दोन्ही ताडून पाहा. बॅगइट या फाइली एकत्र बांधण्याच्या ठरलेल्या पद्धतीने बांधणी केलीत तर चेकसमची यादी फाइलींसोबतच राहते. पुढे ठरावीक काळाने पुन्हा तपासा, आणि फरक दिसला तर जुना आकडा पुसून नवा लिहू नका. काही सॉफ्टवेअर तसं गुपचूप करतात, त्यांना हात लावू नका. हे सगळं कंटाळवाणं आहे, मान्य. पण एकदा स्क्रिप्ट लिहिली की रात्रभर आपोआप चालतं, घाबरण्यासारखं काही नाही.

'क्लाउडवर टाकलं की झालं' म्हणणाऱ्या गुरूंपासून मी लांब राहते. शिकवायला येणाऱ्याला एकच विचारा: बॅकअपमधून फाइल परत आणून शेवटची कधी तपासली होतीत? प्रमाणपत्रांच्या कोर्सपेक्षा या उत्तराला मी जास्त किंमत देते.

कॉपीराइट मात्र टाळू नका. मार्च २०२० मध्ये अर्काइव्हने स्कॅन केलेल्या पुस्तकांवरची 'जितक्या प्रती तितकेच वाचक' ही मर्यादा तात्पुरती उठवली. जूनमध्ये चार मोठ्या प्रकाशकांनी दावा ठोकला. निकाल २०२३ मध्ये अर्काइव्हच्या विरोधात गेला, आणि २०२४ मध्ये अपिलातही तोच कायम राहिला. मर्यादा पाळून पुस्तकं देण्याची मूळ पद्धतही त्या निकालात टिकली नाही. हेतू चांगला असला तरी कोर्ट परवानगी विचारतं. ती कुणी दिली, कशासाठी, किती काळासाठी, हे लिहिलेला कागद स्कॅन करून त्याच फोल्डरमध्ये ठेवा. त्याचाही चेकसम काढा.