अदेला सेकेयरो पाहायची तर वही घेऊन बसा

जुन्या मेक्सिकन सिनेमातली एखादी नटी लेखिकाही असेल, तर तिच्या चेहऱ्यापासून सुरुवात करू नका. मी केली आणि फसले. अदेला सेकेयरो मला पहिल्यांदा भेटली ती फेर्नांदो दे फुएन्तेस यांच्या 'एल प्रिसिओनेरो त्रेसे' या १९३३च्या चित्रपटात. दारुड्या कर्नलला सोडून मुलाला घेऊन निघून जाणारी बायको. 'सहायक भूमिका, बरी' एवढं वहीत टिपून मी पुढे गेले. ती पत्रकार होती, 'पेर्लिता' या नावाने लिहायची आणि मूकपटांपासून पडद्यावर होती, हे मला फार नंतर कळलं.

म्हणून आता माझी पद्धत अशी. वही आडवी धरायची आणि पाच रकाने आखायचे: साल, अभिनय, कथा-पटकथा, दिग्दर्शन, पैसा. चित्रपट सुरू झाला की श्रेयनामावलीवर थांबायचं. घाई इथेच नडते. 'आर्गुमेन्तो' म्हणजे कथा, 'आदाप्तासिओन' म्हणजे साधारण पटकथा, 'दियालोगोस' म्हणजे संवाद, 'दिरेक्सिओन' म्हणजे दिग्दर्शन. ही कामं वेगवेगळ्या माणसांची असू शकतात, त्यामुळे 'लेखन: अमुक' असं एका शब्दात उरकू नका. नाव पडद्यावर जसं दिसेल तसंच उतरवा. सेकेयरो हे आडनाव रोमन लिपीत 'y' आणि 'i' अशा दोन्ही अक्षरांनी लिहिलेलं सापडतं. एकच रूप धरून शोधलंत तर निम्मी बाई हरवते.

आता रकाने भरा. १९३५चा 'मास आया दे ला मुएर्ते' तिने सहकारी पद्धतीने उभा केला. त्यात ती नायिकाही होती आणि लेखनातही होती, पण दिग्दर्शक म्हणून नाव आलं रामोन पेओन यांचं. १९३७च्या 'ला मुखेर दे नादिए'पाशी मात्र पाचही रकाने भरतात. वहीतली ही ओळ मी लाल पेनाने लिहिली आहे.

हा चित्रपट दोनदा पाहा. पहिल्यांदा नुसती गोष्ट: घरातल्या छळातून पळालेल्या तरुणीला चित्रकार, संगीतकार आणि कवी असे तीन कलंदर आसरा देतात, आणि तिघंही तिच्या प्रेमात पडतात. दुसऱ्यांदा नटीकडे नको, लेखिकेकडे लक्ष ठेवा. प्रत्येक प्रसंगात निर्णय कोण घेतंय, तेवढंच टिपा. शेवटी त्या घरातून निघून जायचं ठरवते ती स्वतः. तिघांपैकी कुणी तिला 'जिंकत' नाही.

इथे एक मोह आवरा. १९३३ची नवऱ्याला सोडणारी बायको आणि १९३७ची निघून जाणारी तरुणी यांची सांगड घालून 'बघा, तिची लेखणी!' म्हणावंसं वाटतं. मी म्हटलंही होतं. पण १९३३चं लेखन तिचं नव्हतं. कथेचा रकाना तिथे कोरा आहे, तो कोराच ठेवा.

१९३८च्या 'दियाब्लियोस दे अराबाल' या मुलांच्या चित्रपटाचं दिग्दर्शनही तिचंच. त्यानंतर दिग्दर्शनाच्या रकान्यात काही नाही. आर्थिक फटका बसला आणि ती पत्रकारितेकडे परतली. १९९२मध्ये वारली. एवढ्या मोठ्या रिकाम्या जागेला 'निवृत्ती' म्हणून मोकळं होऊ नका. शेजारी मेक्सिकोच्याच दिग्दर्शिका मातिल्दे लांदेता यांची ओळ लिहून बघा. चित्रीकरणावर नोंदी ठेवण्यापासून सुरुवात करून त्या सहायक दिग्दर्शक झाल्या, आणि पहिला चित्रपट हाती आला १९४८मध्ये. दोघींचे कोरे चौकोन एकाखाली एक आले की आपोआप प्रश्न पडायला लागतात.

हात बसला की मिमी देर्बा घ्या. १९१७मध्ये एन्रिके रोसास यांच्यासोबत आस्तेका फिल्म ही चित्रपट कंपनी काढणारी, लिहिणारी, नायिका होणारी ही बाई १९४८च्या 'उस्तेदेस लोस रिकोस'मध्ये ताठ, श्रीमंत आजी म्हणून दिसते. तिच्यासाठी वहीचं अख्खं पान सोडा. आणि या वेळी चेहरा शेवटी.